एक्केचाळीस टाके

आमच्या गल्लीच्या टोकाला एक लाट उभी आहे. पाय जमिनीत, पाठ आभाळाकडे, आणि माथा एकोणीस घरांच्या छपरांवर असा झुकलेला की नवखा माणूस गल्लीत शिरला की आधी डोक्यावर हात घेतो. आम्ही हसतो. लाट दगडाची आहे. आमच्याकडचा सगळा समुद्रच दगडाचा आहे. माणसं नव्हती तेव्हा कधीतरी, भर वादळात, तो जिथल्या तिथे राहिला. मग सावकाश माणसं आली, त्यांनी लाटांमधल्या खोलगट जागा बघून घरं बांधली, रस्ते आखले, नळ आणले आणि भांडणं सुरू केली.

सकाळी अकराच्या सुमाराला सूर्य लाटेच्या मागे येतो. माथ्याकडे दगड इतका पातळ आहे की उजेड त्यातून गाळून खाली उतरतो आणि अर्धा तास सगळी गल्ली हिरवी होते. दूध हिरवं, भिंती हिरव्या, नळावर भांडणाऱ्या बायकांची तोंडं हिरवी. त्या अर्ध्या तासात कुणी मोठ्यानं बोलत नाही. तसा नियम नाही, पण पाण्याखाली असल्यासारखं वाटतं आणि आवाज आपोआप खाली येतो. लहानपणी मी श्वाससुद्धा रोखून धरायची. आई म्हणायची, "रोख बाई, तेवढीच घरात शांतता."

आमच्या स्वयंपाकघराची मागची भिंत म्हणजे एका लहान, मागे राहिलेल्या लाटेची पाठ. तिच्यात सात मासे आहेत. दगडात बोटभर आत, पण डोळे, खवले सगळं स्पष्ट दिसतं. सगळ्यांची तोंडं डावीकडे. हे कुठे निघालेत, असं मी एकदा बाबांना विचारलं. बाबांनी हातातलं काम बाजूला ठेवलं आणि अगदी गंभीरपणे सांगितलं, "डावीकडे."

"मग पोचत का नाहीत?"

"पोचतील की. घाई आपल्याला आहे, त्यांना नाही."

बाबांचं सगळं म्हणणं यातच आलं. लोक म्हणतात समुद्र थांबलाय. बाबा म्हणायचे, थांबलाय कुठे, चाललाय. एक लाट फुटायला लाखभर वर्षं लागत असतील तर लागू देत. आपण मध्येच कुठेतरी जन्माला येतो, मध्येच उठून जातो, आणि वर त्यालाच थांबलेला म्हणतो. हे ऐकून पलीकडचे घड्याळवाले काका हात जोडायचे. काकांच्या घरात साठ घड्याळं टिकटिकत असतात, त्यांना हा हिशेब परवडणारा नव्हता.

बाबा लाटमोजणी खात्यात मोजणीदार होते. वर्षातून एकदा, थंडीतल्या एका ठरलेल्या तारखेला, सकाळी साडेनऊला लाट मोजायची. आमचं घर गल्लीतलं शेवटचं. आमच्या भिंतीत एक पितळी खिळा आहे, समोर लाटेच्या पायात दुसरा, आणि मध्ये मोकळं अंगण. पहिल्या खिळ्याला पट्टीची कडी अडकवायची, पट्टी ताणून दुसऱ्या खिळ्यापर्यंत न्यायची, आकडा वाचायचा आणि वहीत लिहायचा. पट्टी मेणकापडाची, कारण धातू उन्हात वाढतो आणि खातं तेवढं हुशार आहे. पट्टीवर हात, बोटं, आणि एकेका बोटाच्या वीस बारीक रेघा. आकडा कायम एकच: एकोणचाळीस हात, चार बोटं. शेराही कायम एकच: बदल नाही.

एवढं मोजायचं कशासाठी, तर खूप पूर्वी गावाच्या दुसऱ्या टोकाला एका लाटेच्या माथ्याचा तुकडा निसटला आणि दोन घरं गेली. तेव्हापासून नियम झाला. लाट एका बोटापर्यंत पुढे सरकली तर फक्त नोंद करायची. बोटाच्या पुढे एक केसभर जरी गेली, तरी महिन्याभरात गल्ली रिकामी.

आईचं माहेर अशाच एका रिकाम्या केलेल्या गल्लीत होतं. ती नऊ वर्षांची असताना सगळ्यांनी बोचकी बांधली आणि बाहेर पडले. त्या गल्लीवर आजतागायत खडासुद्धा पडलेला नाही. आई कधी त्या बाजूला गेली की आपल्या जुन्या घराच्या खिडकीवरची धूळ हातानं पुसून यायची. "मी आता बोचकं बांधणार नाही," असं ती कशावरही म्हणायची, अगदी दोन दिवस मावशीकडे जायचं निघालं तरी.

पहिल्या वर्षाची एक गोष्ट बाबा स्वतःवरच हसत सांगायचे. मी तेव्हा आईच्या पोटात होते. पहिलीच मोजणी, आणि त्यांना अर्धी रेघ कमी दिसली. पांढरेफटक पडून ते घरात आले, म्हणाले लाट सरकतेय, आणि ट्रंक भरायला घेतली. निम्मी ट्रंक भरल्यावर वाटलं, उद्या सकाळी पुन्हा मोजू, मगच लिहू. दुसऱ्या दिवशी आकडा बरोबर आला. हात थरथरला असणार. "बायकोसमोर अशी फजिती," असं म्हणून बाबा गोष्ट संपवायचे.

पण त्या दिवसापासून त्यांनी स्वतःच्या हातावर कधी विश्वास ठेवला नाही. प्रत्येक मोजणी तीनदा करायची. दुकानातून आणलेली साखर घरी पुन्हा तोलायची. दाराला कुलूप लावून चार पावलं गेले की परत फिरायचं, कुलूप ओढून बघायचं, मग निघायचं. आम्ही चेष्टा करायचो, ते हसायचे, पण परत फिरायचेच.

वर्षं गेली तशी त्यांची ती पहिली भीती कुठेतरी विरली आणि तिच्या जागी आस आली. लाट हलावी असं त्यांना वाटायला लागलं. फार नाही, अर्धी रेघ. जन्मभर जे म्हणत आलो ते एकदा खरं ठरावं, एवढंच. मोजून घरात आले की आई चहाचा कप पुढे करून विचारायची, "काय म्हणते तुमची लाट?"

"काही म्हणत नाही."

"पुढच्या वर्षी म्हणेल."

अशी एक्केचाळीस वर्षं गेली. गेल्या दोन वर्षांत बाबांची नजरही गेली. गेल्या थंडीत आकडा मी वाचला आणि त्यांनी चाचपडत सही केली. उन्हाळा संपता संपता आई गेली. या वर्षी खात्यानं मोजणी माझ्याकडे दिली, आणि कडी खिळ्यावर धरायचं काम मी बाबांकडे ठेवलं. कडी धरायला डोळे लागत नाहीत.

या कडीचंही एक काम असतं. पट्टीचं टोक कडीतून ओवून, मागे दुमडून शिवलेलं असतं. तिथे कापड विरतं, म्हणून मोजणीच्या आधी दरवर्षी ते पुन्हा टाचून घ्यावं असा खात्याचा नियम आहे. कोणी टाचावं याच्याशी खात्याला देणंघेणं नाही. आमच्याकडे ते आई करायची. माझं आणि सुईचं जन्माचं वाकडं. या वर्षी मी कडी उलटसुलट करून पाहिली, टाके बरे दिसले, म्हटलं चालतंय. टाचलं नाही.

बाबा स्टुलावर बसले, भिंतीला पाठ लावून, अंगठ्यानं कडी खिळ्यावर दाबून. मी पट्टी ताणत लाटेच्या पायापर्यंत गेले. खिळ्याचं टोक बरोबर चार बोटांच्या रेघेवर यायला हवं होतं. ते अलीकडे आलं.

मी डोळे पुसले. पट्टीला पीळ पडलाय का बघितलं. पुन्हा ताणली. अर्धी रेघ कमी.

"रेघे, काय झालं?" बाबांनी विचारलं. जन्मले तेव्हा मी इतकी बारीक होते की बाबांनी हे नाव ठेवलं, आणि मी अंगानं सुधारले तरी ते काही सुटलं नाही.

"थांबा. पुन्हा बघते."

"आकडा सांग."

"एकोणचाळीस हात, तीन बोटं, साडेएकोणीस रेघा."

"पुन्हा," बाबा म्हणाले. मी तीनदा मोजलं, सहादा मोजलं, प्रत्येक वेळी तेच. बाबा उठून उभे राहिले, कडी अजून अंगठ्याखाली धरलेली, आणि त्यांच्या न दिसणाऱ्या डोळ्यांतून घळाघळा पाणी यायला लागलं. "हलली," ते म्हणाले. "काका, ओ काका! हलली!"

घड्याळवाले काका डोळ्याला भिंग लावलेलेच बाहेर आले. "किती?"

"अर्धी रेघ!"

"मग इतकं ओरडायला काय झालं? मला वाटलं घरात शिरली." पण काकांनी बाबांचे दोन्ही हात धरले, आणि भिंगाआडचा त्यांचा डोळा मोठा आणि ओला दिसत होता.

बाबांना इतक्या आनंदात मी कधीच पाहिलं नव्हतं, आई होती तेव्हाही नाही. ते अंगणात येरझाऱ्या घालत होते, भिंतीला हात लावून वळत होते, पुन्हा पुन्हा म्हणत होते, "आज ती हवी होती." मलाही भरून आलं. चारच्या आत आकडा खात्यात नोंदवायचा होता, म्हणून मी पट्टी गुंडाळायला पायरीवर बसले.

गुंडाळताना कडी कठड्यात अडकली. मी हिसका दिला, माझा मेलीचा स्वभावच तसा, आणि वरचा टाका तुटला. दुमड सुटली. आत आणखी एक दुमड होती, तिच्यावर टाके. तिच्याखाली आणखी एक. कापडाच्या अगदी नाजूक चुण्या, एकीला लागून एक, दोऱ्याच्या जाडीएवढ्या, आणि प्रत्येकीवर टाक्यांची वेगळी ओळ.

तेवढ्यात अकरा वाजले आणि गल्ली हिरवी झाली. काकांचा आवाज खाली आला, बाबा जागच्या जागी थांबले. माझ्या मांडीवर सगळे टाके हिरवे. मी त्या ओळी मोजल्या, एक्केचाळीस भरल्या. काय ते कळेना. अर्धा तास मी तशीच बसून राहिले. त्या उजेडात हात हलवला तरी वाटतं, कुणीतरी दुसरंच आपला हात हलवतंय.

मग उजेड वर सरकत गेला आणि रंग एकेक करून आपापल्या जागी आले. पिवळा आला, तो माझ्या शाळेच्या फ्रॉकचा, त्याची बाही मी कुंपणात फाडली होती. जांभळा, आईच्या लोकरीच्या टोपीचा. निळा पडद्यांचा, जे मला कधीच आवडले नाहीत. खाकी, बाबांच्या पिशवीचा. त्या त्या वर्षी आईच्या सुईत जो दोरा असेल तो. अगदी तळाशी, सगळ्यांत आधीचा, पांढरा. आणि सगळ्यांत वरचा, आत्ता मी तोडलेला, काळा. गेल्या थंडीत तिचे हात कापायचे. तो टाका वाकडातिकडा होता.

टोकाकडून कापड दुमडत गेलं की पट्टी आखूड होते आणि आकडा वाढतो. लाट अर्धी रेघ पुढे आली की आकडा अर्धी रेघ कमी व्हायचा, आणि आई अर्धी रेघ कापड दुमडून तो परत जागेवर आणायची. एक्केचाळीस वर्षं लाट बदलली, आणि एक्केचाळीस वर्षं बाबांनी लिहिलं, बदल नाही.

पण तिला कळायचं कसं? मी मान वर केली आणि समोरच उत्तर लोंबत होतं. कपडे वाळत घालायची तार. एक टोक आमच्या भिंतीत, दुसरं लाटेच्या पायातल्या हुकाला. इतकी लांब तार ताठ बांधलेली असली, की दोन टोकं दोऱ्याएवढी जवळ आली तरी मध्ये चांगली तीन बोटं झोळ पडतो. "चादर जमिनीला टेकायला लागली," असं म्हणत आई दर थंडीत तार ओढून घ्यायची आणि जास्तीची तार हुकावर वळवायची. मी हुकापाशी गेले. तारेवर वर्षावर्षाला तिनं पक्कडीनं दाबून केलेली एकेक खूण होती. दोन खुणांमधलं अंतर पट्टीच्या चुणीवर धरून पाहिलं. तंतोतंत. या वर्षी तार कुणी ओढली नव्हती. गेल्याच आठवड्यात चादर मातीत लोळली म्हणून मी तारेला शिव्या घातल्या होत्या.

मला आईचा संताप आला. आई गेल्यावर आलेला पहिला संताप, आणि तो इतका जिवंत होता की ती स्वयंपाकघरातच असावी असं वाटलं. एकोणीस घरं या माथ्याखाली झोपतात, आणि ही बाई शिवण घेऊन बसली होती! मग मी हिशेब केला. चाळीस टाक्यांच्या वीस रेघा, म्हणजे बरोबर एक बोट. तोपर्यंत नुसती नोंद झाली असती, गल्लीला कुणी हात लावला नसता. नियमाबाहेरचा टाका एकच, तो काळा, वाकडा. पहिला टाका तिनं नवऱ्याची निम्मी भरलेली ट्रंक थांबवायला घातला. त्यानंतरचे घालायची गरज नव्हती. पण एक घातल्यावर दुसरा न घालायचा म्हणजे सांगावं लागणार. तेवढं तिच्यानं झालं नाही.

आता माझ्यापुढे होतं ते असं. मी मूग गिळून बसले आणि वहीत अर्धी रेघ लिहिली, तर बाबांचा आनंद राहील, घर राहील, गल्ली राहील. पट्टी मी पुन्हा टाचली की झालं. सगळं लिहिलं, तर आंधळ्या म्हाताऱ्याला त्याच्या घरातून उठवायचं, आणि वर सांगायचं की तुमच्या बायकोनं तुम्हाला जन्मभर फसवलं.

मी खरंच सुई शोधायला आत गेले. आईच्या डब्यात सगळ्या सुया दोऱ्याशिवाय होत्या. मी एकीत दोरा ओवायला बसले आणि दहा वेळा चुकले. भिंतीतले सात मासे डावीकडे बघत होते. बाबा दारात येऊन उभे राहिले. "अजून गेली नाहीस? चार वाजतील." त्यांच्या चेहऱ्यावर अजून तोच उजेड होता. माझ्यानं राहवलं नाही. मी त्यांचा हात धरून त्यांना खाली बसवलं आणि कडी त्यांच्या बोटांत दिली.

"हे काय आहे?"

"चुण्या. मोजा."

बाबांनी नखानं एकेक चुणी मोजली. एक्केचाळिसावर थांबले. पुन्हा मोजली नाही, हे माझ्या तेव्हा लक्षात आलं नाही. "कुणी?"

"आईनं," मी म्हटलं, आणि सगळं सांगितलं. तार, हुक, खुणा. मला वाटलं ते ओरडतील, किंवा कोसळतील. त्यांनी नख अगदी तळाच्या चुणीवर नेलं.

"पहिला दोरा कुठल्या रंगाचा?"

"पांढरा. तुमच्या शर्टाच्या बटणाचा असेल."

बाबांनी उजवा हात वर केला आणि चेहऱ्यासमोर धरला, दिसत असल्यासारखा. उलटा केला, सुलटा केला. "म्हणजे त्या दिवशी माझा हात थरथरला नव्हता," ते म्हणाले.

"नाही, बाबा."

"मला बरोबर दिसलं होतं."

"बरोबर दिसलं होतं."

मग मात्र ते भडकले. "एक्केचाळीस वर्षं! कप पुढे करायची आणि विचारायची, काय म्हणते तुमची लाट! आणि मी गाढव सांगायचो, काही म्हणत नाही!" त्यांनी मांडीवर थाप मारली, आणि कुठल्या क्षणी ते हसायला लागले आणि कुठल्या क्षणी रडायला, ते मला सांगता येणार नाही. मीही दोन्ही करत होते.

थोडं शांत झाल्यावर मी म्हटलं, "अर्धी रेघ लिहून येते. घर राहील."

"नाही."

"बाबा, चाळीस टाके नियमातलेच आहेत. एकच..."

"त्या एकाखाली काका झोपतात." त्यांनी कडी मुठीत धरली. "आणि दुसरं असं, की एवढं नेमकं खात्यात आजवर कुणी मोजलेलं नाही. मी तर नाहीच. ते काय कापडात दुमडून राहायचं? सगळं लिही. तिच्या नावानं लिही."

"बोचकं बांधायला लागू नये म्हणून केलं हो तिनं हे सगळं."

"मग तिनं कशाला बांधायचं? मी बांधतो. ट्रंक तेव्हापासून निम्मी भरायची राहिलीच आहे."

खात्यातल्या कारकुनाला सगळे टाचणी म्हणतात, कारण तो कागदाला कागद टाचल्याशिवाय कुणाशी बोलत नाही. साडेतीन वाजता आम्ही त्याच्यापुढे उभे होतो. त्यानं सगळं ऐकून घेतलं, चुण्या भिंगाखाली पाहिल्या, आणि म्हणाला, "दुरुस्ती मूळ मोजणीदारानं स्वतःच्या हातानं करायची. प्रत्येक नोंदीवर. नियम आहे."

"त्यांना दिसत नाही."

"मग तुम्ही हात धरा. त्याच्या आड कुठलाही नियम येत नाही."

एक्केचाळीस पानं. प्रत्येक पानावर मी बाबांचा हात त्या शेऱ्यावर नेऊन ठेवायची आणि रंग सांगायची. ते म्हणायचे, "पिवळा. त्या वर्षी तू कुंपणावरून पडलीस." मग 'बदल नाही' यावर रेघ मारायचे आणि शेजारी आंधळ्या, मोठ्या अक्षरात लिहायचे: बदल, अर्धी रेघ. "निळा. ते पडदे मला आवडायचे हां." बदल, अर्धी रेघ. चार वाजून गेले, पाच वाजले. टाचणीनं एकदाही घड्याळाकडे पाहिलं नाही, उलट उठून आमच्यासाठी दिवा जवळ सरकवला.

"मोजणाऱ्याचं नाव बदलायचंय," शेवटी बाबा म्हणाले.

"खात्याबाहेरचं माणूस त्या रकान्यात बसत नाही," टाचणी म्हणाला. थोडा वेळ त्यानं टाचणी दातात धरून विचार केला. "शेऱ्यात बसेल."

तेव्हा पुन्हा पहिल्या पानापासून सुरुवात केली, आणि प्रत्येक शेऱ्यापुढे बाबांनी लिहिलं: मोजणी, पत्नी. पट्टी पुराव्याला जमा करावी लागली. टाचणीनं ती वहीच्या पुठ्ठ्याला टाचली, रंगीत कड बाहेर दिसेल अशी.

महिन्याभरात गल्ली रिकामी झाली. काहीजण आमच्याशी बोलायचे बंद झाले. ते मी समजू शकते, मीही बोलले नसते. घड्याळवाल्या काकांनी त्यांची साठ घड्याळं हातगाडीवर घातली आणि ती सगळी टिकटिकत, प्रत्येक वेगळी वेळ दाखवत, वळणावरून दिसेनाशी झाली. जाताना काकांनी बाबांच्या पाठीवर हात ठेवला होता.

आम्ही शेवटचे निघालो. ट्रंक बाबांनी स्वतः भरली. मी स्वयंपाकघरात जाऊन माशांवरची धूळ पुसली. बाहेर आले तर बाबा अंगणात तारेखाली उभे होते.

"काढली नाहीस ना?"

"नाही. ताणून घेतली आहे, खूण करून. पुढच्या वर्षी मोजायला यायचंय ना."

"तिची चादर घाल तिच्यावर."

मी आईची पांढरी चादर तारेवर घातली आणि चार चिमटे लावले. बाबा गुडघ्यांवर बसले, चाचपडत त्यांनी चादरीची कड शोधली आणि कड नि जमीन यांच्यामध्ये बोटं घातली. "तीन बोटं," ते म्हणाले. एकदाच मोजलं आणि उठले.

अकरा वाजत आले होते. चादर खालपासून हिरवी व्हायला लागली होती. बाबांनी दार ओढलं, कडी चाचपली, कुलूप लावलं आणि माझा हात धरून चालायला लागले. चार पावलं गेल्यावर मी सवयीनं थांबले. बाबा थांबले नाहीत.